मुद्रिकेत आडनाव का नाही?

कीर्तन संपवून फेटा सोडायला बसलो, की जवळ येणारा माणूस बहुधा एकच विचारायचा, "महाराज, आपलं आडनाव?" चिंतन कळले की नाही, ते राहूनच जायचे. आडनावावरून जात कळायची, आणि माझे ताट कुठे मांडायचे तेही कधीकधी त्यावरच ठरायचे. मीही मुकाट्याने सांगत आलो. आता वयाने कीर्तन सुटले आहे, तेव्हा उलटा प्रश्न तुमच्यापुढे ठेवतो: संतांनी आपल्या मुद्रिकेत आडनाव का घातले नाही?

तुकोबारायांचे कुळ मोरे, आडनाव अंबिले. अभंगाच्या शेवटी मात्र नुसता 'तुका' उरतो. ज्ञानोबारायांच्या घराण्याकडे आपेगावचे कुलकर्ण होते, म्हणून हल्लीच्या पुस्तकांत त्यांच्या नावापुढे 'कुलकर्णी' छापतात. ते वतनाचे नाव. माउलींनी स्वतः घेतलेली मुद्रा पाहा, 'बापरखुमादेवीवरु'. रखुमादेवीचा वर तो पांडुरंग, हा उघड अर्थ. पण वडील विठ्ठलपंत, आई रुक्मिणी. संन्यास सोडून घरी आले म्हणून ज्यांना समाजाने वाळीत टाकले, त्या आईबापांची नावे लेकराने देवाच्या नावात सांभाळून ठेवली, असे मला वाटते. नाथबाबांच्या मुद्रेत 'जनार्दनी' ही सप्तमी आहे. एका कुठे? जनार्दनाच्या ठायी. तो एक प्रत्यय घेऊन तासभर कीर्तन होते, हे मी केलेले आहे. जनाबाईंनी तर आपली ओळख नामयाच्या नावाने दिली.

कोणी म्हणेल, गोरा कुंभार, सावता माळी, नरहरी सोनार यांचे काय? तिथे धंदा आणि जात नावाला चिकटलेली आहेच; ती मी झाकत नाही. हैबतबाबा कुळाने पवार, पण आपण त्यांना आरफळ गावावरून आरफळकर म्हणतो.

खरा दोष मला माझाच सांगायचा आहे. चोखोबांच्या नावाची एक गोष्ट आख्यानात येते, चोखलेल्या आंब्याची. ती मी वर्षानुवर्षे रंगवून सांगितली. लोक हसायचे, मृदंगावर थाप पडायची. एका गावी कीर्तनानंतर एक वृद्ध गृहस्थ पुढे आले. पाया पडले आणि हळूच म्हणाले, "बुवा, चोख सोनं म्हणतो आपण. ते कुणी चोखलेलं असतं का हो?"

मला उत्तर सुचले नाही. चोख म्हणजे निर्भेळ, हिणकस नसलेले. हा अर्थ रोजच्या बोलण्यात आहे. ज्याला देवळाबाहेर उभे केले त्याच्या नावाचा हा अर्थ टाकून मी उष्ट्या आंब्यावर हशा घेत होतो. गोष्टीत गोडवा आहे, पण ती एकटीच सांगणे हा माझा अपराध. मंगळवेढ्याला गावकुसाची भिंत कोसळली, तेव्हा ढिगाऱ्यातल्या अस्थी नामदेवरायांनी कशावरून ओळखल्या? ज्यातून विठ्ठलनाम ऐकू आले त्या उचलल्या, अशी कथा आहे. त्या आणून महाद्वारी समाधी दिली. पुढे मी आंब्याची कथा सांगितली की सोन्याचा अर्थ आणि या अस्थी, दोन्ही सांगू लागलो. मग हसू कमी व्हायचे.

परवा दिंडीत एका तरुण माउलीने मला नाव विचारले. मी सांगितले. गावही सांगितले. तो मान डोलावून, आणखी एक शब्द येईल म्हणून, तसाच उभा राहिला.