सावफा, परराष्ट्रमंत्री आणि रयत

शान राजवाड्यांतल्या आठवणींची दोन पुस्तके मी लागोपाठ वाचली. एक इंगे सार्जंट यांचे ‘ट्वायलाइट ओव्हर बर्मा’ (१९९४), दुसरे साओ सांडा यांचे ‘द मून प्रिन्सेस’ (२००८). १९६२ च्या लष्करी उठावात एकीचा नवरा, सीपॉचा संस्थानिक, सैन्याच्या ताब्यात गेला आणि परत आला नाही. दुसरीचे वडील, ब्रह्मदेशाचे पहिले राष्ट्राध्यक्ष साओ श्वे थाइक, त्याच वर्षी तुरुंगात वारले. हे दुःख खरे आहे. त्याची टिंगल करणारा आमचा नव्हे. पण या दुःखकथेत रयत कुठे आहे, हा प्रश्न विचारल्याशिवाय मला पुढे जाता येत नाही.

सार्जंट सांगतात, त्यांच्या नवऱ्याने घराण्याची भातशेती कसणाऱ्यांना देऊन टाकली. चांगलेच केले. तरीही ते दान होते. दान देणाऱ्याच्या मर्जीवर असते, हक्क कुणाच्या मर्जीवर नसतो.

साओ खुन खिओ यांचे चरित्र या दृष्टीने पाहावे. ते मोंगमितचे सावफा, म्हणजे जन्माने संस्थानिक. स्वातंत्र्यानंतर, पन्नाशीच्या दशकातला बराच काळ ते ब्रह्मदेशाचे परराष्ट्रमंत्री होते. चीनमध्ये हरलेले कुओमिन्तांगचे सैन्य शान मुलखात घुसले, त्याची तक्रार ब्रह्मदेशाने १९५३ साली संयुक्त राष्ट्रसंघात नेली, तेव्हा परराष्ट्र खाते त्यांच्याकडे होते. नवस्वतंत्र देशाचे दुखणे जगापुढे मांडले गेले. हे काम लहान नव्हे.

पण घरात काय होते? १२ फेब्रुवारी १९४७ च्या पांगलाँग करारावर सावफांबरोबर शान जनतेच्या प्रतिनिधींच्याही सह्या होत्या. त्याच वर्षीच्या संविधानाने मात्र राष्ट्रकांच्या सभागृहातल्या शान राज्याच्या सर्व २५ जागा सावफांना दिल्या. मतदारही तेच, उमेदवारही तेच. खालच्या सभागृहात लोकांनी निवडलेले शान सदस्य होते. परंतु जिथे शानांचा आवाज शान म्हणून उमटायचा, तिथे तो जन्माच्या अधिकाराने उमटत राहिला.

डिसेंबर १९५४ मध्ये बाबासाहेब जागतिक बौद्ध परिषदेसाठी रंगूनला गेले होते. माणसाचे मूल्य जन्मावर ठरवणाऱ्या व्यवस्थेशी ते आयुष्यभर लढले. त्यांच्या वाचकाला या २५ जागा खटकल्याच पाहिजेत.

एप्रिल १९५९ मध्ये ताउंजी येथे सावफांनी मोबदला घेऊन वंशपरंपरागत अधिकार सोडले. त्या वेळी सरकार जनरल ने विन यांचे होते. तेव्हा ‘सरंजामशाही संपली’ म्हणून आनंद मानणाऱ्यांना तीन वर्षांत उत्तर मिळाले. २ मार्च १९६२ रोजी त्याच सेनापतीने संसद, संविधान आणि संघराज्य तिन्ही मोडीत काढले. खुन खिओंनाही अटक झाली. राजा गेला आणि त्याच्या गादीवर बंदूक बसली. रयत होती तिथेच राहिली.

आपल्याकडे संस्थानिकांचे तनखे १९७१ साली बंद झाले. पण गावचा वाडा तनख्यावर उभा नव्हता. तो जमिनीवर, पाणवठ्यावर, आणि आता पतपेढी-कारखान्यांवर उभा आहे. म्हणून चरित्र वाचताना नायकाची पदे मोजू नयेत. त्याने आपल्या जागी कुणाला बसू दिले, ते मोजावे. शाहू महाराजांनी २६ जुलै १९०२ रोजी मागासलेल्यांसाठी ५० टक्के जागा राखून ठेवल्या. राज्यकर्त्याची कसोटी ती.

साओ खुन खिओ सभ्य मुत्सद्दी होते, लष्कराने त्यांच्यावर अन्याय केला. दोन्ही मान्य. तरी त्या कसोटीवर त्यांचे पान कोरेच राहते, आणि मोंगमितच्या शेतकऱ्याने लिहिलेल्या आठवणींची मी अजून वाट पाहतो आहे.