‘द ॲब्सेंट डायलॉग’ : लष्करी सुधारणेच्या चर्चेतील अनुपस्थित समाज

लष्कर आणि नागरी सत्ता यांच्या संबंधांचा आपल्याकडील अभ्यास दीर्घकाळ एकाच प्रश्नाभोवती फिरत राहिला : भारतात लष्करी उठाव का झाला नाही? पाकिस्तान, ब्रह्मदेश व बांगलादेश या शेजाऱ्यांचा अनुभव पाहता तो स्वाभाविकच होता. परंतु उठाव न होणे आणि लष्कराने काळानुरूप स्वतःत बदल करणे या दोन भिन्न गोष्टी होत. अनित मुखर्जी यांच्या ‘द ॲब्सेंट डायलॉग’ (२०१९) या ग्रंथाचे महत्त्व असे, की भूसेनेत अधिकारी राहिलेल्या या अभ्यासकाने पहिल्या प्रश्नावर न थांबता दुसऱ्याचा पाठपुरावा केला. प्रस्तुत लेखात त्यांच्या मांडणीचे सामर्थ्य मान्य करून तिची एक मर्यादा दाखवावयाची आहे.

या क्षेत्रातील सैद्धांतिक चर्चेचा आरंभ बहुधा सॅम्युएल हंटिंग्टन यांच्या ‘द सोल्जर अँड द स्टेट’ (१९५७) या ग्रंथापासून होतो. सैन्याला त्याच्या व्यावसायिक क्षेत्रात स्वायत्तता द्यावी, म्हणजे ते राजकारणापासून दूर राहील व कार्यक्षमही होईल, हा त्यांच्या ‘वस्तुनिष्ठ नियंत्रणा’चा आशय. मुखर्जी यांच्या मते भारतात स्वायत्तता मिळाली, कार्यक्षमता मात्र त्या प्रमाणात आली नाही. राजकीय नेतृत्वाजवळ संरक्षणविषयक जाण अल्प, सनदी नोकरशाहीचे नियंत्रण कडक पण तज्ज्ञतेविना, आणि प्रशिक्षण, बढत्या, तिन्ही दलांतील समन्वय अशा अंतर्गत बाबींत सेनादले बहुतांशी आपल्या मर्जीची, असे हे चित्र आहे. तिघेही एकमेकांशी पत्रव्यवहार करतात, संवाद करीत नाहीत.

समन्वयाचे उदाहरण पुरेसे बोलके आहे. कारगिल युद्धानंतर मंत्रिगटाने २००१ मध्ये संरक्षण दल प्रमुखाचे पद निर्माण करण्याची शिफारस केली. ते पद प्रत्यक्षात आले १ जानेवारी २०२० रोजी. अमेरिकेतही सेनादलांनी अशी सुधारणा आपण होऊन केली नव्हती. इराणमधील ओलिसांच्या सुटकेचा १९८० मधील फसलेला प्रयत्न व १९८३ मधील ग्रेनाडाची मोहीम यांतून समन्वयाचा अभाव उघड झाला. तरी दलांचा विरोध होताच. अखेर काँग्रेसने १९८६ मध्ये गोल्डवॉटर-निकोल्स कायदा करून तो बदल लादला. आपल्याकडे संसदेने असा पुढाकार घेतल्याचे दिसत नाही. स्त्री अधिकाऱ्यांना कायम नियुक्ती (२०२०) आणि राष्ट्रीय संरक्षण प्रबोधिनीत प्रवेश (२०२१) हे बदल तर सर्वोच्च न्यायालयाच्या आदेशांनी घडले.

मराठी वाचकाला या चर्चेत यशवंतराव चव्हाणांची संरक्षणमंत्रिपदाची कारकीर्द आठवल्याखेरीज राहणार नाही. १९६२ च्या पराभवाचा अर्थ ‘राजकारण्यांच्या हस्तक्षेपाने घात झाला’ असा लावला गेला आणि युद्धविषयक बाबी सेनानींवर सोपवाव्यात असा संकेत रूढ झाला. चव्हाणांनी तो पाळला, पण केवळ पाळला नाही. सेनाप्रमुख व सचिव यांच्याशी दररोज सकाळी बैठक घेण्याचा प्रघात त्यांनी पाडला. ८ लाख २५ हजारांचे सैन्य आणि १० पर्वतीय डिव्हिजन यांची योजना त्यांच्याच काळातील. १ सप्टेंबर १९६५ रोजी छांब क्षेत्रात विमानदल वापरण्यास त्यांनी तत्काळ अनुमती दिली. (त्या युद्धकाळातील त्यांची दैनंदिनी राम प्रधान यांनी संपादित केली असून ती २००७ मध्ये इंग्रजीत प्रसिद्ध झाली. आपल्या राज्यशास्त्र विभागांत ती जितकी वाचली जावी तितकी वाचली जात नाही.)

आणि तरीही त्याच युद्धाच्या शेवटी काय घडले? युद्ध चालू ठेवल्यास निर्णायक यश मिळेल काय, असे पंतप्रधान शास्त्रींनी विचारले असता, दारूगोळा बराचसा संपत आल्याचे भूसेनाप्रमुखांनी सांगितले. प्रत्यक्षात साठ्याचा लहानसाच भाग खर्च झाला होता, हे मागाहून उघड झाले. तो आकडा त्या क्षणी तपासून पाहणारी नागरी यंत्रणा नव्हती. तेव्हा रोजची बैठक हा संवादाचा आरंभ होता, तज्ज्ञतेचा पर्याय नव्हता. मुखर्जी यांच्या सिद्धांताला याहून चांगला पुरावा क्वचितच मिळेल. तज्ज्ञता निर्माण व्हायची तर कागदपत्रे खुली हवीत, हा त्यांचा आग्रहही येथे पटतो. चव्हाणांनी २ सप्टेंबर १९६३ रोजी लोकसभेत ज्या चौकशीचे निष्कर्ष सांगितले, तो हेंडरसन ब्रूक्स-भगत अहवाल शासनाने अधिकृतपणे प्रसिद्ध केलेला नाही.

येथपर्यंत मुखर्जी यांच्याशी मतभेद होण्याचे कारण नाही. मतभेद आहे तो संवादातील पक्षांविषयी. राजकारणी, नोकरशहा व सैन्य हे तीन पक्ष ग्रंथाच्या उपशीर्षकातच आहेत. शस्त्रखरेदी, समन्वय, अधिकाऱ्यांचे शिक्षण, बढती, नियोजन यांना स्वतंत्र प्रकरणे आहेत. शिपायाच्या भरतीला नाही. मॉरिस जॅनोविट्झ यांनी १९६० मध्येच सैन्याचा विचार समाजाच्या घडणीसह करण्याचा आग्रह धरला होता. ‘नागरी’ म्हणजे केवळ मंत्रालय हा अर्थ फार तोकडा आहे.

महाराष्ट्राचा अनुभव या बाबतीत स्पष्ट आहे. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरच्या दशकात ‘लढाऊ जाती’च्या धोरणाने महारांची भरती बंद झाली. सैन्यातून निवृत्त झालेल्या गोपाळबाबा वलंगकरांनी १८९४ मध्ये त्याविरुद्ध अर्ज तयार केला; १९१० मध्ये शिवराम जानबा कांबळे यांनी भारतमंत्र्यांपर्यंत दाद मागितली. पहिल्या महायुद्धात उभारलेली महार पलटण १९२१ मध्ये मोडण्यात आली. पुढे डॉ. आंबेडकरांच्या प्रयत्नांना यश येऊन १ ऑक्टोबर १९४१ रोजी बेळगावात महार रेजिमेंट स्थापन झाली. हा सुमारे अर्धशतकाचा अर्जव्यवहार नागरी-लष्करी संबंधांचा इतिहास नव्हे तर काय? त्यात मागणी वेतनाची होती तशीच प्रतिष्ठेचीही होती, आणि ती करणारे ना मंत्री होते ना सचिव. ‘थॉट्स ऑन पाकिस्तान’मध्ये तर आंबेडकरांनी सैन्याची सामाजिक रचना हाच संरक्षणाचा मध्यवर्ती प्रश्न मानला आहे. मुखर्जी यांच्या चौकटीत या सामग्रीला जागा नाही, आणि हा दोष केवळ ऐतिहासिक राहत नाही.

१४ जून २०२२ रोजी अग्निपथ योजना जाहीर झाली. चार वर्षांची सेवा, त्यानंतर जास्तीत जास्त २५ टक्क्यांना कायम नियुक्ती, आणि सर्व प्रदेश व सर्व वर्गांना खुली भरती असे तिचे स्वरूप होते. करोनामुळे दोन वर्षे भरती बंद होती. मैदानावर धावून तयारी करणारी मुले वयोमर्यादेच्या काठावर येऊन ठेपली होती. बिहारमध्ये रेल्वेगाड्या पेटल्या, तेव्हा शासनाने पहिल्या वर्षासाठी वयाची अट २१ वरून २३ वर नेली. मुखर्जी यांच्या कसोटीवर ही सुधारणा कदाचित स्वागतार्ह ठरेल, कारण लष्कराची जुनी घडी मोडण्याची इच्छाशक्ती तीत दिसते. परंतु साताऱ्यातील अपशिंगे (मिलिटरी) सारख्या गावांत फौजेची नोकरी हे घराण्याचे स्थान, लग्नाची बोलणी, शेतीतील भांडवल आणि म्हातारपणीचे निवृत्तिवेतन अशा अनेक गोष्टींशी जोडलेले आहे. चार वर्षांनी परतणाऱ्या तीन चतुर्थांश तरुणांचे त्या रचनेत काय होईल, हे कोणी कोणाला विचारले? त्यांचा अभ्यास संरक्षणशास्त्र विभागाने करावयाचा की समाजशास्त्र विभागाने, हेही आपल्या महाविद्यालयांत अद्याप ठरावयाचे आहे.