अडथळ्याचा गुन्हा आणि अभिव्यक्तिस्वातंत्र्य : जॉर्ज ऑर्वेल यांच्या एका निबंधाची चिकित्सा

प्रस्तावना

दुसऱ्या महायुद्धाच्या अखेरीस १९४५ मध्ये ब्रिटनमध्ये मजूर पक्षाचे सरकार सत्तेवर आले. त्याच वर्षी लंडनच्या हाइड पार्कबाहेर शांततावादी व अराज्यवादी नियतकालिके विकणाऱ्या पाच जणांना अटक झाली. आरोप मजकुराविषयी नव्हता, तर अडथळा आणल्याचा होता. चौघांकडून चांगल्या वर्तनाची हमी घेण्यात आली. पाचव्याने दंडाऐवजी तुरुंगवास पत्करला. या घटनेवर ऑर्वेल यांनी डिसेंबर १९४५ मध्ये 'ट्रिब्यून' साप्ताहिकात 'फ्रीडम ऑफ द पार्क' हा निबंध लिहिला.

विवेचन

सायंदैनिक विकणारा पोऱ्याही कायद्याच्या दृष्टीने अडथळाच आणतो, पण त्याला कोणी पकडत नाही, हे ऑर्वेल यांचे निरीक्षण मार्मिक आहे. कायदा मजकुराबाबत तटस्थ दिसतो. निवड मात्र पोलिसांच्या विवेकाधिकारात दडलेली असते. यावरून ऑर्वेल असा सिद्धान्त मांडतात की, स्वातंत्र्य कायद्याच्या कलमांवर नव्हे, तर लोकमतावर टिकते. लोकमत सुस्त असेल, तर कायदे असूनही अप्रिय अल्पसंख्याकांचा छळ होतो.

तथापि हा सिद्धान्त अपुरा वाटतो. लोकमत सुस्त नसून जागे आणि असहिष्णू असेल, तर काय, याचे उत्तर त्यात मिळत नाही. सप्टेंबर १९६१ मध्ये अण्वस्त्रविरोधी सविनय कायदेभंगाच्या प्रकरणी ८९ वर्षांच्या बर्ट्रांड रसेल यांनी वर्तनाची हमी नाकारली व तुरुंगवास स्वीकारला. त्यांच्या कीर्तीमुळे ती शिक्षा सर्वांच्या नजरेत आली. हाइड पार्कच्या विक्रेत्यांना असे पाठबळ नव्हते. अशा अनामिकांना लोकमतापेक्षा न्यायालयाचाच आधार अधिक असतो. लंडनमधील शस्त्रास्त्र प्रदर्शनाकडे जाणारा रस्ता २०१७ मध्ये अडविणाऱ्या निदर्शकांच्या प्रकरणात ब्रिटनच्या सर्वोच्च न्यायालयाने २०२१ मध्ये निर्णय दिला. हेतुपुरस्सर अडथळासुद्धा निदर्शनाच्या हक्कामुळे समर्थनीय ठरू शकतो, असे न्यायालयाने मान्य केले. मानवी हक्क कायदा, १९९८ नसता तर हा युक्तिवाद उभा राहणे कठीण होते.

मात्र २०२२ च्या कायद्याने संसदेने याच गुन्ह्यासाठी कारावासाची तरतूद केली. न्यायालयाने रुंद केलेली वाट कायदेमंडळ पुन्हा अरुंद करू शकते. तेथे ऑर्वेल यांचा इशारा खरा ठरतो.

निष्कर्ष

सारांश, लोकमत आणि कायदा यांपैकी एकाचीच निवड करणे हा ऑर्वेल यांच्या मांडणीतील दोष होय. कायदा एकाकी माणसाला उभे राहण्यास जागा देतो. ती जागा टिकविण्याचे काम लोकमताचे आहे.