सीमेवरचा माणूस आणि आपले कथावाङ्मय

सीमाभाग म्हटला की आपल्या कथा-कादंबऱ्यांत मोर्चा येतो, लाठी येते, तुरुंग येतो. ते खोटे नाही. १ नोव्हेंबर १९५६ रोजी बेळगाव-निपाणीचा मुलूख तेव्हाच्या म्हैसूर राज्यात गेला. २००४ साली वाद सर्वोच्च न्यायालयात पोहोचला. ते दुःख खरेच आहे. परंतु मोर्चा संपल्यावर माणूस घरी जातो, तेव्हा आपला लेखक त्याच्या मागोमाग जात नाही, ही माझी तक्रार आहे.

घरी काय असते? शेजारीण कानडीत 'ऊटा आतेनरी?' म्हणून जेवणाचे विचारते, इकडून मराठीत उत्तर जाते. थोरल्या बहिणीला दोन्ही घरांत अक्काच म्हणतात. सौंदत्तीच्या यल्लम्माला कोल्हापूरचेही जातात, धारवाडचेही. कादंबरीत मात्र ही सारी माणसे एकाएकी शुद्ध मराठी बोलू लागतात.

धारवाडकडे पाहा. मराठी घरात वाढलेले द. रा. बेंद्रे कानडीचे थोर कवी झाले. त्याच गावात इंग्रजी शिकवीत जी. ए. कुलकर्णी मराठी कथा लिहीत राहिले. १९७३ चे ज्ञानपीठ बेंद्र्यांना आणि त्याच वर्षीचे साहित्य अकादमी पारितोषिक जी. एं.च्या 'काजळमाया'ला मिळाले. यांतला कोण कमी मराठी, कोण कमी कानडी, हे कोणत्या तराजूत तोलायचे? निपाणीच्या महादेव मोरे यांनी पिठाची गिरणी चालवीत तिथल्या कष्टकऱ्यांवर तिथल्याच बोलीत लिहिले. त्यांची माणसे जिवंत वाटतात, कारण लेखकाने त्यांची जीभ धुतलेली नाही.

हा दोष मी दुसऱ्यांच्याच माथी मारीत नाही. माझ्या एका कादंबरीतले प्रकरण मी तंबाखूच्या वखारीत काम करणाऱ्या एका बाईंना वाचून दाखविले. नायिका त्यांच्यावरूनच रेखाटली होती. 'काय करालाईस?' हे त्यांचे बोलणे मी मास्तरकीच्या सवयीने 'काय करीत आहेस?' असे सुधारले होते. ऐकून त्या म्हणाल्या, "गुरुजी, बाई चांगली हाय. पर आमच्यातली न्हवं."

याहून नेमके परीक्षण माझ्या पुस्तकाचे झालेले नाही. मराठीपण जपण्याच्या भरात ज्याचे मराठीपण जपायचे त्यालाच आपण पुसून टाकतो. त्याला दोन भाषा येतात म्हणून त्याची मराठी उणी होत नाही. हक्काचा लढा न्यायालयात चालो. कादंबरीत तरी त्या माणसाला त्याच्या तोंडाने बोलू द्यावे.