फेसेंडनचं भय

स्वतंत्र भयपटांची चर्चा बहुधा दिग्दर्शकापाशी थांबते. पैसा कोणी उभा केला, आहे त्या पैशात बसेल अशी पटकथा कोणी घडवली, याकडे समीक्षक फारसे वळत नाहीत. न्यूयॉर्कच्या लॅरी फेसेंडनबद्दल लिहायचं तर तिथूनच सुरुवात करावी लागते. १९८५ मध्ये त्यानं ‘ग्लास आय पिक्स’ ही निर्मितिसंस्था काढली आणि लेखन, निर्मिती, दिग्दर्शन, संकलन, अभिनय ही सगळी कामं तो आजवर करत आला आहे.

नव्वदच्या दशकातला ‘हॅबिट’ मला त्याचा सर्वांत सच्चा चित्रपट वाटतो. वडील नुकतेच गेलेले, दारूत बुडालेला सॅम एका तरुणीच्या प्रेमात पडतो. ती रक्तपिपासू आहे, की व्यसनानं पोखरलेल्या मनाला तसं भासतं? चित्रपट याचा निकाल लावत नाही. सॅमची भूमिका फेसेंडननं स्वतःच केली आहे. मोठे सेट नाहीत; न्यूयॉर्कचे रस्ते आहेत, कोंदट खोल्या आहेत, आणि एक माणूस आपल्या डोळ्यांदेखत खचत जातो. निर्मितीतल्या चणचणीनंच इथं शैली घडवली आहे.

‘वेंडिगो’मध्ये (२००१) भीती एका लहान मुलाच्या नजरेतून येते, तर ‘द लास्ट विंटर’मध्ये (२००६) उत्तर ध्रुवाकडच्या वितळत्या जमिनीतून. तेल शोधायला गेलेल्या माणसांवर निसर्ग उलटतो ही कल्पना जबरदस्त आहे, आणि जोवर काही दिसत नाही तोवर अंगावर काटा उभा राहतो. शेवटी मात्र संगणकानं रेखलेली श्वापदं येतात आणि जमलेला ताण सैल पडतो. अदृश्यावरचा विश्वास इथं त्यानं आणखी थोडा टिकवायला हवा होता.

निर्माता म्हणून त्याची नजर क्वचितच चुकली. टाय वेस्टचा पहिला चित्रपट ‘द रूस्ट’ आणि पुढे ‘द हाउस ऑफ द डेव्हिल’ (२००९), जिम मिकलचा ‘स्टेक लँड’ (२०१०) यांमागे तो उभा होता. केली रायकार्डच्या ‘वेंडी अँड लूसी’चाही (२००८) तो एक निर्माता. हा भयपट नव्हे; पण बेघर वेंडी रात्री उघड्यावर झोपलेली असताना जो माणूस तिच्याजवळ येतो, तो फेसेंडनच. तो प्रसंग कुठल्याही भुताहून अधिक घाबरवतो.

‘वेंडिगो’तली दंतकथा त्यानं ग्रॅहम रेझनिकबरोबर लिहिलेल्या ‘अंटिल डॉन’ (२०१५) या व्हिडिओ गेममध्ये पुन्हा आली. चित्रपटाचं नावही न ऐकलेल्या तरुणांपर्यंत ती अशी पोचली. पण गेमच्या धावपळीत त्या मुलाची एकटी, अबोल भीती हरवते, म्हणून मूळ चित्रपट पाहायलाच हवा. त्यानंतर ब्रुकलिनमध्ये घडणारी फ्रँकेन्स्टाइनची कथा ‘डिप्रेव्हड’ (२०१९) पाहावी. युद्धानं मोडलेला लष्करी डॉक्टर मेलेल्यांच्या अवयवांतून एक तरुण उभा करतो, त्याला बोलायला शिकवतो, आणि त्याच्याशी बापासारखं वागणं मात्र त्याला जमत नाही.