खप आणि विद्रोह

शोषितांच्या कलावंताची पहिली कृती प्रस्थापितांना आवडते. तिच्यात त्यांना 'अस्सल अनुभव' सापडतो. दुसरी कृती खपली की तोच कलावंत बाजारू ठरतो. दलित लेखकांना हे नवे नाही. न्यूयॉर्कचा काळा रॅपर नास याच्याही वाट्याला हेच आले.

नास क्वीन्सब्रिज या सरकारी वसाहतीत वाढला. शाळा त्याने आठवीतच सोडली. १९९४ च्या 'इलमॅटिक' या पहिल्या अल्बमला समीक्षकांनी डोक्यावर घेतले. खप बेताचाच होता. जुलै १९९६ मध्ये 'इट वॉज रिटन' हा दुसरा अल्बम आला. पहिल्याच आठवड्यात सुमारे २,६८,००० प्रती खपल्या. बिलबोर्डच्या यादीत तो चार आठवडे पहिला राहिला. लगेच कुरकुर सुरू झाली: सूर गुळगुळीत झाले, गडी विकला गेला.

हा आरोप तपासला पाहिजे. 'आय गेव्ह यू पॉवर' या गाण्यात बंदूकच बोलते. मारून मारून ती थकली आहे. अखेर ती अडून बसते, मालक मरतो आणि दुसरा हात तिला उचलतो. वस्ती विसरलेल्या माणसाला हे सुचत नाही. सर्वांत गाजलेल्या 'इफ आय रूल्ड द वर्ल्ड'मध्ये कैद्यांच्या सुटकेचे स्वप्न आहे. लॉरिन हिलच्या गोड आवाजावर ते दूरवर गेले. आंबेडकरी जलशांनी तमाशाचा लोकप्रिय बाज घेतला, तोही याचसाठी.

दोष आहेच. कोलंबियातील अमली पदार्थांच्या तस्कराचे 'एस्कोबार' हे नाव नास मिरवतो. ज्या विषाने वस्त्या पोखरल्या, त्याच्या सौदागराचा थाट विद्रोहाला शोभत नाही. पण हा दोष शब्दांतला आहे. तो तिथेच दाखवावा. खपाच्या आकड्यावरून सिद्ध करू नये.

आकड्याला प्रश्न विचारायचाच तर तो नफ्याच्या मालकीचा विचारावा. अल्बम कोलंबिया कंपनीचा, आणि कंपनी १९८८ पासून सोनीच्या ताब्यात. दुःख वस्तीचे होते, दुकान वस्तीचे नव्हते. कलावंताला साधेपणाचा उपदेश करणारी समीक्षा इथे मूग गिळून बसते.

१९७२ साली दलित पँथरने अमेरिकेतील काळ्यांच्या लढ्यातून आपले नाव घेतले. त्यांच्या यशापयशातूनही आपण शिकावे. माझ्या वर्गात माझ्यासारखीच, घरातली पहिल्यांदा शिकणारी मुले बसतात. त्यांतल्या लिहिणाऱ्यांना मी एवढेच सांगतो: तुमचे दुसरे पुस्तक खुशाल खपू द्या. फक्त त्यातली प्रत्येक ओळ वस्तीत उभे राहून मोठ्याने वाचता आली पाहिजे.