अंगठा लागतो, कला पोहोचत नाही

यंत्राने माणसाची ओळख पटवायची, हा देशव्यापी प्रयोग सुरू झाला तो नंदुरबार जिल्ह्यातून. २९ सप्टेंबर २०१० रोजी शहादा तालुक्यातल्या टेंभलीत पहिलं आधार कार्ड दिलं गेलं. आज जिल्ह्यातल्या खांडबाऱ्यात काय किंवा कुठल्याही पाड्यावर काय, रेशनचं धान्य घ्यायचं तर ई-पॉस मशीनवर अंगठा लावावा लागतो. कष्टाने बोटं घासलेल्यांचा तो पटकन लागत नाही. ओळख आणि तंत्रज्ञान हाच विषय घेणाऱ्या आपल्या व्हिडिओ आणि परफॉर्मन्स कलेचा हिशेब मला म्हणूनच इथून मांडावासा वाटतो.

सुरुवात तशी जुनी. १९६९मध्ये चित्रकार अकबर पदमसींनी मुंबईत ‘व्हिजन एक्स्चेंज वर्कशॉप’ काढलं, तिथे तरुण नलिनी मलानींनी कॅमेरा हाती घेतला. पण ‘तू कोण’ हे यंत्राकडूनच वदवून घेण्याची हिंमत दाखवली ती शिल्पा गुप्ता यांनी. मुंबईच्या ‘जेजे’ कला महाविद्यालयात शिल्पकला शिकलेल्या या बाईंनी २००३मध्ये लंडनच्या टेट संग्रहालयाच्या संकेतस्थळासाठी घरबसल्या हव्या त्या धर्माचा आशीर्वाद देणारी कलाकृती केली, आणि त्यासाठी नेटवर्कची केबल खरोखरच वेगवेगळ्या प्रार्थनास्थळी नेली! त्याच सुमारास नकली रक्ताच्या बाटल्या घेऊन त्या लोकलच्या डब्यात शिरल्या. दोष दुसऱ्याच्या माथी मारला की किती बरं वाटतं, हे त्या बाटल्यांवरच छापलेलं होतं.

माझ्या मते त्यांचं सर्वांत पक्कं काम म्हणजे २००६च्या सुमाराची सावल्यांची मालिका. प्रेक्षक पडद्यासमोर येतो, कॅमेरा त्याची सावली पकडतो आणि वरून कसल्या कसल्या वस्तू पडून तिला चिकटू लागतात. अंग कितीही झटका, त्या सुटत नाहीत. शेजारचा माहितीफलक वाचला नाही तरी काही अडत नाही. या कलेत हे विरळाच; बहुतेकदा फलक काढला की मागे फक्त दिवा आणि आवाज उरतो.

‘कॅम्प’ या मुंबईच्या गटाने २०२२मध्ये एका उंच इमारतीवरच्या सीसीटीव्ही कॅमेऱ्याने शहर न्याहाळलं. पाळतीचं यंत्र त्यांनी हुशारीने वापरलं, तरी नजर उंचावरचीच राहिली. अमोल पाटील यांचं काम मला जास्त भिडतं: पोवाडा गाणारे आजोबा, नाटक लिहिणारे वडील आणि सफाई कामगारांच्या वस्त्या हे सगळं त्यात अंगासकट येतं. कलावंत तुषार जोग २०१०मध्ये मोटारसायकलवरून शांघायला निघाले ते सरदार सरोवर धरणाच्या वाटेने. त्याच धरणाने नंदुरबारची गावं बुडवली. जोग २०१८मध्ये गेले, आणि ती वाट पुढे फारशी कुणी धरली नाही.

इकडे जिल्ह्यातली पोरं रोडालीची आदिवासी नाचगाणी मोबाईलवर चित्रित करून यूट्यूबवर टाकतात. त्यात हिंदी नाचाची नक्कल भरपूर, ड्रोनचा सोस त्याहून जास्त. पण कॅमेरा धरणारा आणि नाचणारा एकमेकांच्या ओळखीचे असतात, आणि मुंबईच्या गॅलरीत नेमकं हेच क्वचित घडतं. गुप्तांच्या सावल्यांना प्रोजेक्टर, कॅमेरा, संगणक आणि पांढरी भिंत एवढंच लागतं. खांडबाऱ्याच्या एखाद्या आश्रमशाळेत ते सहज मांडता येईल. मांडायचं कुणी आणि पैसे कुणी द्यायचे, एवढंच गॅलरीवाल्यांनी अजून ठरवलेलं नाही.